ठिपके पुसलेला नकाशा

मित्रांनो, कापडावर हाताने रंगवलेला मी एक जुना नकाशा आहे, लातूर जिल्ह्याचा. १९८२ साली हा जिल्हा वेगळा झाला तेव्हा आमच्या सीमेवरच्या शाळेत त्याचा नकाशाच नव्हता. म्हणून भूगोलाच्या मडिवाळप्पा गुरुजींनी मांजरपाटावर मला काढले. मांजरा, तेरणा, निलंगा, उदगीर, शिरूर अनंतपाळ, सारे त्यांच्या हातचे.

पुढे त्यांना एक छंद लागला. सुट्टीत ते सायकलवर गावोगाव जात आणि विचारत, "घरात काय बोलता?" मग दहा घरांमागे मेणखडूचा एक ठिपका माझ्यावर उमटे. मराठीचा पिवळा, कन्नडचा तांबडा, तेलुगूचा निळा, उर्दूचा जांभळा, लमाणीचा हिरवा. दहा वर्षांत मी चिंचोक्यांच्या पटासारखा भरून गेलो. गुरुजी मुलांना म्हणत, "एका रंगाचं गाव दाखवा बरं!" मुलांना ते कधीच सापडले नाही. मला माझा फार अभिमान वाटे.

मग भूकंप झाला. शाळेची भिंत पडली. गुरुजींनी मला ढिगाऱ्यातून ओढून काढले आणि झाडाखाली खाटेवर पसरले. धान्याचे, ताडपत्र्यांचे ट्रक आले होते आणि चालकांना रस्ते ठाऊक नव्हते. तेवढ्यात गावचे पुढारी रामकिशन माझ्यावर वाकले. त्यांची नजर गावांच्या नावांवर नव्हती.

"गुरुजी, लई कामाचा हाय तुमचा नकाशा. आधी पिवळे ठिपके घेऊ. बाकीचे शेवटाला बघू. तांबड्यांचं त्यांचं राज्य हाय की पलीकडं."

"घरं तर अलीकडंच पडल्यात, रामकिशन."

"तसं न्हाई हो..."

"माझं घर तांबडं हाय. ते बी शेवटाला का?"

रामकिशन हसले. "तुमचं येगळं. तुम्ही आपले."

ढिगाऱ्याखाली माणसे असताना ते हसले. त्या हसण्याची मला आजही शिसारी येते. त्याहून किळस आली ती स्वतःची. मला वाचूनच तर ते बोलत होते.

गुरुजींनी कंदिलातले रॉकेल चिंधीवर ओतले आणि मला पुसायला घेतले. दहा वर्षांचे सारे ठिपके. पक्क्या शाईतल्या नद्या, रस्ते, नावे तेवढी राहिली.

"आता रस्त्यानं जाऊ," ते म्हणाले. "जे गाव आधी येईल ते आधी."

मला मांडीवर घेऊन ते ट्रकात बसले. एकही वस्ती सुटली नाही.

गुरुजी निवृत्त झाल्यावर त्यांचा विद्यार्थी अनय मला लातूरला घेऊन गेला. तिथे त्याचा डॉक्टरकीच्या प्रवेश परीक्षेचा मोठा क्लास आहे. फळ्यावर ऊन पडते म्हणून त्याने मला खिडकीवर खिळे मारून ठोकले. भूगोलाला त्या परीक्षेत मार्क नसतात.

सीमेकडची शिवांगी तिथे शिकायला आली. तिच्या बोलण्यात कन्नडचा हेल होता. मुले हसत. एके दिवशी हजेरी घेताना अनयसरच म्हणाले, "ए कर्नाटक, उभी राहा."

ती उठली, सरळ माझ्यापाशी आली आणि एका नावावर बोट ठेवले. "सर, माझं गाव हे. लातूर जिल्हा. माझं नाव शिवांगी."

"बरं, बस."

"नावानं म्हणा, बसते."

वर्ग हसायचा थांबला. ती उभीच राहिली. शेवटी सर फळ्याकडे बघत पुटपुटले, "शिवांगी, बस." ती बसली.

मित्रांनो, मला धुळीपासून जपा असे मी म्हणणार नाही. कोणाची भाषा विचाराल तर ती जपून ठेवा. ती निवडून वेगळे काढायची खूण करू नका.

तास संपला. मार्करने काळे झालेले हात अनयसरांनी माझ्यावरच पुसले आणि ते निघून गेले. कुठे पुसले, ते त्यांनी पाहिले नाही. तिथे त्यांचे स्वतःचे गाव होते.