तेवीस नावं

"बसू दे त्याला," मॉरीन म्हणाली. "पंख्याखाली नको. खिडकीजवळ, उन्हात."

मी बाहेर जाऊन क्लाइव्ह रेनफ्रूला खिडकीजवळची खुर्ची दाखवली. अठ्ठ्याहत्तर वर्षांचा माणूस, ऑस्ट्रेलियातला फेब्रुवारीचा उन्हाळा आणि अंगात कोट. तो बसला. मी आत आले तर मॉरीन, आमच्या खासदारबाई, शब्दकोडं सोडवत होत्या.

"किती वेळ बसवायचं?"

"डेस सुनावणीच्या दिवशी बाहेर उन्हात किती वेळ बसला होता?"

"पाऊण तास."

"मग पाऊण तास."

डेस म्हणजे तिचा नवरा. आमच्या कूराबिन गावच्या कोळशाच्या वीजकेंद्रात वाफेच्या नळ्यांवर अ‍ॅस्बेस्टॉसचा लेप देण्याचं काम करायचा. माझा बापही तेच करायचा. आम्ही माल्टाहून आलेले, इंग्रजी न येणाऱ्या माणसाला मिळेल ते काम. संध्याकाळी बाबा घरी यायचा तेव्हा पिठाच्या गिरणीतून आल्यासारखा पांढरा दिसायचा. आई अंगणातच त्याचे कपडे झटकायची आणि मी त्या ढगात उड्या मारायचे.

मग एकेक करून ती माणसं खोकायला लागली. जिवंत होती त्यांच्यातल्या तेवीस जणांनी चौकशी आयोगासमोर साक्ष दिली. त्यांचं म्हणणं साधं होतं. या लेपाने फुप्फुसं सडतात असे कागद केंद्राच्या व्यवस्थापकाकडे आले होते, आणि त्याने ते दडवले. व्यवस्थापक क्लाइव्ह रेनफ्रू. तो उभा राहिला, असा एकही कागद आपण पाहिला नाही असं शपथेवर म्हणाला, आणि मग चाकाच्या खुर्चीत बसलेल्या डेसकडे बोट करून त्याने पुस्ती जोडली, "हा ट्रेगिअर दिवसाला तीस सिगारेटी ओढायचा. त्याच्या छातीत जे काय आहे ते त्याने स्वतः दुकानात जाऊन आणलंय."

सभागृहात हशा पिकला. आमच्याच गावची माणसं होती ती. आठ आठवड्यांनी डेस गेला. त्याच वर्षी माझा बाप गेला.

मॉरीन तेव्हा केंद्राच्या उपाहारगृहात स्वयंपाकीण होती. सुनावणीत ती एक शब्द बोलली नाही. दुसऱ्या दिवशी तिने नोकरी सोडली आणि ग्रंथालयात जाऊन बसायला लागली. आधी फुप्फुसांवरची पुस्तकं वाचली, मग कोळशावरची, मग विजेवरची. काही वर्षांनी ती अपक्ष म्हणून निवडणुकीला उभी राहिली. घोषणा एकच: धुरांडी बंद करा, वारा आणि ऊन वापरा. ज्या गावात दर दुसरं घर त्या धुरांड्यांवर जगत होतं, तिथे. लोकांनी तिच्यावर अंडी फेकली, गाडीचे टायर फाडले. डेसचे जुने मित्र तिला बघून रस्ता ओलांडून पलीकडे जायचे. पहिल्यांदा ती तिसरी आली. दुसऱ्यांदाही तिसरी.

त्यानंतर कंपनीने पाच महिन्यांची मुदत देऊन केंद्र बंद करून टाकलं. सिडनीतल्या मालकांनी गावात पाऊलसुद्धा ठेवलं नाही. पुढच्या निवडणुकीत मॉरीन ट्रेगिअर खासदार झाली आणि तिने मला कार्यालय सांभाळायला घेतलं.

कॅनबेराच्या संसदेत तिला आधी सगळे हसले. ही आचारीणबाई पवनचक्क्यांबद्दल बोलणार! पण ती प्रश्न विचारायची ते असे, की मंत्र्याला पाणी प्यावं लागायचं. वीज वाहून नेणाऱ्या तारांची क्षमता तिला तोंडपाठ होती. तिने शाळांच्या छपरांवर सौर पॅनेल बसवून घेतले. खाणीच्या रिकाम्या जागेवर वीज साठवायच्या प्रचंड बॅटऱ्या आणल्या आणि त्यांच्यावर केंद्रातून निघालेल्या माणसांना कामाला लावलं. गाव तिला 'वाऱ्याची मॉरीन' म्हणायला लागलं. वर्तमानपत्रात छापून यायचं की ही पृथ्वीसाठी लढतेय.

एकदा लांबच्या सभेहून परतताना मी गाडी चालवत होते. ती म्हणाली, "पृथ्वीचं मला काय कळतंय, कार्मेन. ती धुरांडी भुईसपाट झालेली बघायची होती. ती झाली. आता तो एक माणूस राहिलाय."

"तो तर समुद्रकिनारी घर बांधून राहतोय. विसर की त्याला."

"तू विसरलीस?"

मी गियर बदलला.

आणि तो आपल्या पायाने आला. गावाच्या उत्तरेच्या डोंगरमाथ्यावर एकशे दहा पवनचक्क्या उभ्या राहणार होत्या. मॉरीनच्या नऊ वर्षांच्या खासदारकीतलं सगळ्यात मोठं काम. कंपनीने नवा अध्यक्ष नेमला, 'ऊर्जाक्षेत्रातला दीर्घ अनुभव' असलेला. तो अध्यक्ष म्हणजे क्लाइव्ह रेनफ्रू. कंपनीला सरकारी मंजुरीसाठी स्थानिक खासदाराचं पाठिंब्याचं पत्र हवं होतं.

ते पत्र सोमवारीच थेट मंत्रालयाला गेलं होतं. मीच टाईप केलं, तिने सही केली, मीच पोस्टात टाकलं. तो आला गुरुवारी, आणि त्याला हे माहीत नव्हतं.

पाऊण तासाने मी त्याला आत आणलं. कॉलर भिजून मानेला चिकटली होती.

"मॉरीन! किती वर्षांनी गं! अजून तशीच दिसतेस."

"बसा, मिस्टर रेनफ्रू."

"अगं, क्लाइव्ह म्हण की आता. आपण एकाच बाजूचे झालोय."

"नाही म्हणणार. कशासाठी आलात?"

त्याने पत्राचं सांगितलं. तीनशे माणसांना काम, गावाचं भविष्य, नातवंडांसाठी स्वच्छ हवा. स्वच्छ हवा हा शब्द त्याने दोनदा वापरला. मॉरीनने ऐकून घेतलं आणि खणातून एक कागद काढून त्याच्यापुढे सरकवला.

"ही तेवीस नावं. शनिवारी सकाळी अकराला स्मारक सभागृहात यायचं. नावं मोठ्याने वाचायची. खाली तीन वाक्यं लिहिलीयत, तीही वाचायची."

त्याने चष्मा लावला. वाचता वाचता त्याचा चेहरा आधी लाल झाला, मग पांढरा.

"हे… वकिलांना विचारावं लागेल मला."

"विचारा ना. पत्र हवंय ना तुम्हाला?"

"तू गावाच्या पोटावर पाय देतेयस, मॉरीन. स्वतःच्या रागापायी."

"गावाच्या पोटाचं मला तुमच्याकडून ऐकायचं नाही. शनिवारी. अकरा."

तो गेल्यावर मी दार लावलं. "तो नाही आला तर?"

"तर नाही आला."

"पण पत्र तर गेलंय!"

"ते तुला माहितीये," ती म्हणाली आणि शब्दकोडं पुढे ओढलं. "सहा अक्षरी, 'उशिरा आलेला'. काय असेल गं?"

शनिवारी तो आला. का आला हे मला आजही नीट सांगता येत नाही. अध्यक्षपद जाईल ही भीती असेल. तो एकटाच, टॅक्सीने आला. सभागृहात दीडशेच्या वर माणसं होती. पुढच्या रांगेत विधवा, त्यांत माझी एक्याऐंशी वर्षांची आई जुझा, काळ्या कपड्यात, हातात पर्स घट्ट धरून. मॉरीन व्यासपीठावर गेलीच नाही. ती मागे, चहाच्या टेबलाजवळ, भिंतीला टेकून उभी राहिली.

रेनफ्रूने वाचायला सुरुवात केली. आवाज खोल गेलेला. "मोठ्याने!" कुणीतरी ओरडलं. त्याने आवाज चढवला. डेस ट्रेगिअरचं नाव चौथं होतं. ते वाचून त्याने मान वर केली, बहुधा मॉरीनला शोधायला. ती त्याच्याकडे बघत होती, डोळे न हलवता.

सतरावं नाव आलं, माझ्या बापाचं. "साल्वाडोर झमिट."

"थांब," माझी आई म्हणाली.

ती उठून उभी राहिली. मी तिचा हात धरायला गेले, तिने झटकला.

"साल्वू. झाम्मित. नीट म्हण."

"साल्वू… झमीत."

"परत."

"साल्वू झाम्मित."

"परत."

त्याने तिसऱ्यांदा म्हटलं. बरोबर म्हटलं.

"हं. आता पुढचा वाच," आई म्हणाली आणि बसली.

तेवीस झाली. शेवटची तीन वाक्यं त्याने एका दमात वाचली. "कागद माझ्याकडे आले होते. ते मी दडवले. या माणसांनी सांगितलं ते सगळं खरं होतं."

कुणी टाळी वाजवली नाही, कुणी शिवी दिली नाही. तो पायऱ्या उतरून मधल्या वाटेने चालत गेला. कुणी पाय आवरले नाहीत. त्यालाच वळसे घालत जावं लागलं.

बाहेर, गाड्या लावायच्या जागेत मॉरीनने त्याला गाठलं. मी तिच्या मागेच होते.

"झालं समाधान?" तो म्हणाला. "आता पत्र?"

"सोमवारी गेलं."

"कुठल्या सोमवारी?"

"तुम्ही माझ्याकडे यायच्या आधीच्या."

त्याला कळायला थोडा वेळ लागला. तो जवळच्या गाडीला टेकला. "म्हणजे… मी नसतो आलो तरी…"

"तरी पवनचक्क्या झाल्या असत्या. गावाला त्या हव्यात. तुमच्यासाठी मी गावाचं नुकसान करेन असं वाटलं तुम्हाला?"

"तू मला फसवलंस."

"हो," ती म्हणाली. "त्या दिवशी सगळं सभागृह हसलं होतं, मिस्टर रेनफ्रू. आज कुणी हसलं नाही. तेवढे उपकार समजा."

टॅक्सी येईपर्यंत तो तिथेच उन्हात उभा राहिला. त्याला कुणी खुर्ची दिली नाही. मीसुद्धा नाही, आणि त्याचं मला आजवर वाईट वाटलेलं नाही.

आईने ते बोलणं मागून ऐकलं होतं. घरी जाताना तिने विचारलं, "पत्र आधीच गेलं होतं होय?"

"हो, मा."

"मग तो भीतीने बोलला. मनापासून नाही."

"भीतीनेच."

आईने मांडीवरची पर्स सरळ केली. "चालेल," ती म्हणाली. "तुझ्या बापाला शेवटी श्वास मिळेना तेव्हा भीतीच वाटायची. याला कळू दे जरा."

सभागृहातलं सगळं कुणीतरी फोनवर चित्रित केलं होतं. संध्याकाळपर्यंत ते देशभर गेलं. महिन्याभरात कंपनीने अध्यक्ष बदलला. मंजुरी आली, डोंगरावर रस्ते खणायला सुरुवात झाली. मॉरीन मात्र कार्यालयात नुसती बसून राहायला लागली. शब्दकोडी अर्धवट पडायची.

"काय होतंय तुला?" मी एकदा विचारलं.

"काही नाही गं. सव्वीस वर्षं रोज सकाळी त्याच्या त्या सिगारेटींच्या वाक्याला उत्तर जुळवत उठायचे. आता उठते आणि काय करायचं तेच आठवत नाही."

तीन वर्षांनी निवडणूक आली आणि रेनफ्रूचं प्रकरण तिच्यावर उलटलं. पत्र आधीच गेलं होतं हे त्याने एव्हाना सगळीकडे सांगितलं होतं. विरोधी उमेदवार तरुण होता, नीटनेटका, पवनचक्क्यांच्या बाजूचाच. तो एवढंच म्हणायचा, 'ज्या बाईने गावाचं काम खाजगी सूडासाठी वापरलं, तिच्यावर विश्वास कसा ठेवायचा?' रेडिओवर मुलाखतकाराने सरळ विचारलं, "तुम्ही त्या वृद्ध माणसाला खोटं सांगून धमकावलं, हे खरं?"

मी काचेपलीकडून हात जोडले. म्हण की चुकलं. एवढं एकच वाक्य. लोक विसरतील.

"खरं आहे," मॉरीन म्हणाली. "पुन्हा वेळ आली तर पुन्हा सांगेन."

ती तीनशे अठरा मतांनी हरली. निकालानंतर तिने विजयी उमेदवाराला फोन केला, अभिनंदन केलं, आणि तारांच्या कुठल्या फाईलकडे आधी बघ ते समजावून सांगितलं.

पवनचक्क्यांचं उद्घाटन मार्चमध्ये झालं. मांडवात नवे खासदार, मंत्री, कंपनीची माणसं. आम्हाला निमंत्रण नव्हतं. मॉरीन, आई आणि मी कुंपणाजवळ गर्दीत उभ्या होतो. भाषणांत पुष्कळांचे आभार मानले गेले. तिचं नाव कुणी घेतलं नाही. माझं तोंड कडू झालं, पण ती शांतपणे आईच्या डोक्यावर छत्री धरून उभी होती.

मंत्र्यांनी कळ दाबली. काहीच झालं नाही. दिवसभरात वाऱ्याची झुळूकसुद्धा नव्हती. लोक हसले, मंत्रीही हसले. सगळ्यांनी पाव आणि भाजलेले सॉसेज खाल्ले, फोटो काढले आणि गाड्या धुरळा उडवत निघून गेल्या. मांडववाले खुर्च्या आवरायला लागले.

"जायचं का?" मी विचारलं.

"थांबू या थोडं. दक्षिणेचा वारा चारपर्यंत येतो इथे," मॉरीन म्हणाली.

चारला दहा मिनिटं कमी असताना गवत हललं. शेवटच्या टोकाच्या चक्कीचं पातं जरासं सरकलं, थांबलं, पुन्हा सरकलं. मग तिच्या शेजारची. हळूहळू सगळी रांग फिरायला लागली, फारसा आवाज न करता. आईने क्रॉसची खूण केली. मॉरीनने टोपी हाताने दाबून धरली आणि पुरतं एक मिनिट वर बघितलं.

"बरं चाललंय," ती म्हणाली. "चल, तुझ्या आईला ऊन लागतंय."

आईचा एक हात तिने धरला, दुसरा मी. खडीवरून जपून पावलं टाकत आम्ही गाडीकडे निघालो. तिने मागे वळून पाहिलं नाही.