नटवर्यांची छाती

आपलं वय नटवर्य गेली बरीच वर्षं "पन्नाशीच्या अलीकडे" असंच सांगत आले होते. पन्नाशी बिचारी त्यांच्यासाठी किती थांबणार? ती कधीच येऊन गेली होती आणि जाताना पोट तेवढं मागे ठेवून गेली होती. पण नाटकाच्या पाटीवर त्यांचं नाव असलं की खिडकीवर अजून गर्दी व्हायची, त्यामुळे पोटाचा विषय कंपनीत कुणी काढत नसे.

तो काढला नव्या नाटकानं. नायक गोदीत पोती वाहणारा तरणाबांड हमाल. दुसऱ्या अंकाच्या शेवटी तो अंगातला सदरा टराटरा फाडतो आणि उघड्या छातीनं गोदीच्या मालकासमोर उभा राहतो. दिग्दर्शक नवखा होता. त्यानं तालमीत भाबडेपणानं म्हटलं, "सर, सदरा फाडायचा सीन आपण गाळूया का?"

"का?" नटवर्यांनी विचारलं.

"नाही, म्हणजे... थंडीचे दिवस आहेत."

नटवर्यांना समजायचं ते समजलं. दुसऱ्या दिवशी ते व्यायामशाळेत गेले. तिथे त्यांनी एक वजन उचललं, ते खाली ठेवताना खांदा जो धरला तो आठवडाभर सुटला नाही. बायको रोज शेकत होती आणि शेकता शेकता म्हणत होती, "अहो, हमालाचे बाबा व्हा की. तो भागही चांगला आहे." नटवर्यांनी तिच्याकडे अशी नजर टाकली, की असली नजर त्यांनी रंगमंचावर टाकली असती तर टाळ्या पडल्या असत्या. घरात नुसतीच शेकायची पिशवी थंड झाली.

शेवटी वाट काढली ती कपडेपट सांभाळणाऱ्या बाईंनी. कपडेपट म्हणजे नाटकाच्या पोशाखांची खोली. तिथे बाई, त्यांचं शिवणयंत्र आणि राजे, भिकारी, पोलीस असे सगळे हँगरला लटकून असत. बाई म्हणाल्या, "साहेब, छातीच हवी ना? स्पंजाची करून देते."

डॉक्टरी पुस्तकांच्या दुकानातून त्यांनी एक तक्ता आणला आणि भिंतीला ठोकला. त्यावर कातडी सोलून काढलेला एक माणूस तळहात पुढे करून उभा होता. वर लिहिलं होतं, 'मानवी शरीर : पुढील बाजूचे प्रमुख स्नायू'. बाईंनी त्याच्याकडे पॅटर्नकडे बघावं तसं बघितलं. छातीचा मोठा स्नायू पंख्यासारखा, बरगड्यांकडे रुंद आणि दंडाकडे निमुळता, म्हणून स्पंजाच्या पट्ट्याही तशाच कापल्या. खांद्यावर टोपीसारखा बसतो तो वेगळा. दंडाला बेटकुळी. पोटाचा लांबलचक स्नायू आडव्या रेघांनी तुटलेला, त्याला शिवण मारून चौकोन पाडले. मांडीवरून तिरका उतरणारा एक पट्टा बघून त्या म्हणाल्या, "ह्याला म्हणे शिंप्याचा स्नायू म्हणतात. मांडी घालून बसतात ना शिंपी."

"मग तोही करा," नटवर्य म्हणाले.

"पायजम्याच्या आत कोण बघणारे?"

वर कातडीच्या रंगाचं ताणलं जाणारं कापड चढवलं, शिरा रंगवल्या, आणि पाठीला दोन इलॅस्टिकचे पट्टे नि हुकांची एक ओळ लावली. नटवर्यांनी आरशात समोरून पाहिलं, मग दोन्ही बाजूंनी पाहिलं. मग मान वळवून म्हणाले, "आणि मागे?"

"मागे काय करायचंय? प्रेक्षक पुढे बसतात."

पहिल्या प्रयोगाला सदरा फाटला आणि प्रेक्षकांनी थिएटर डोक्यावर घेतलं. शिट्ट्या आल्या. अडचण एवढीच, की नटवर्यांना पाठ फिरवता येईना. त्यामुळे सदरा फाडल्यापासून ते खेकड्यासारखे सरकत राहिले आणि शेवटी उलट्या पावलांनी विंगेत गेले. जाताना खुर्चीवर आपटले, ती त्यांनी रागानं ढकलल्यासारखी करून निभावली. दुसऱ्या दिवशी एका मोठ्या समीक्षकानं लिहिलं, की शोषिताने शोषकाकडे अखेरपर्यंत पाठ न फिरवणे हा या प्रयोगाचा आशयगर्भ उत्कर्षबिंदू होय. नटवर्यांनी ते कात्रण जपून ठेवलं. 'आशयगर्भ' म्हणजे नक्की काय ते दिग्दर्शकाला विचारलं, तर त्यालाही सांगता येईना.

मग एके दिवशी ती छाती धुवायला म्हणून घरी आली, आणि राहिलीच.

"हे काय घातलंय?" बायकोनं विचारलं. नटवर्य बँकेत निघाले होते.

"भूमिका अंगात मुरायला हवी."

"बँकेत?"

"अगं, तू फक्त हूक लाव."

तिनं हूक लावले. पुढे रोजच लावू लागली. पाव आणायला छाती, इमारतीच्या मीटिंगला छाती. मीटिंगला तर आजवर त्यांचं कुणी ऐकत नसे. आता पाण्याच्या टाकीबद्दल त्यांनी तोंड उघडलं की सगळे गप्प. विशेष आनंद झाला तो साडूच्या घरी. साडू रोज पहाटे फिरायला जाणारा, कुठल्याही जेवणात अर्ध्यावर हात आखडणारा, आणि नटवर्य दिसले की त्यांच्या पोटावर थोपटून "काय म्हणतंय बाळ?" विचारणारा माणूस. या वेळी त्यानं सवयीनं हात पुढे केला आणि तो चौकोनांवर येऊन थबकला. साडूचं तोंड बघून नटवर्यांना जो आनंद झाला, तो एकाही पुरस्कारानं झाला नव्हता. घरी येताना ते शीळ घालत होते. बायको म्हणाली, "त्यांनी खरं पोट कमी केलंय हो, चालून चालून." नटवर्यांनी शीळ मोठी केली.

अशा छातीचा गवगवा व्हायला वेळ लागत नाही. एका जिमच्या मालकानं नव्या शाखेच्या उद्घाटनाला बोलावलं, आणि शरीरसौष्ठवावर दोन शब्दही बोला म्हणाला. दोन शब्दांवर भागवणारे ते नटवर्य नव्हेत. त्यांनी कपडेपटातला तक्ता घरी आणून कपाटाच्या दाराला लावला आणि स्वगत पाठ करावं तशी स्नायूंची लॅटिन नावं पाठ केली. बायकोला कपड्यांची घडी ठेवायला दार उघडावं लागे आणि दरवेळी तो सोललेला माणूस अंगावर येई. "पेक्टोरॅलिस मेजर!" मागून नटवर्य गर्जत.

उद्घाटनाच्या दिवशी ऊन मी म्हणत होतं. जिममध्ये दिवे, आरसे आणि घट्ट बनियनमधली पोरं. नटवर्यांनी छातीवर घट्ट बाह्यांचा टीशर्ट चढवला होता. ते गंभीर आवाजात म्हणाले, "मित्रहो, डेल्टॉइड हा खांद्याचा मुकुट आहे. बायसेप्स हा दंडाचा अभिमान. आणि रेक्टस अॅब्डोमिनिस..." इथे त्यांनी पोटाच्या चौकोनांवर हात ठेवून नाटकातला विराम घेतला, "...हा संयमाचा शिलालेख आहे!"

पोरांनी टाळ्यांचा कडकडाट केला. मालक म्हणाला, "सर, एकदा बेटकुळी काढून दाखवा ना!"

नटवर्यांनी हात दुमडला. मग सरळ केला. पुन्हा दुमडला. मालक पोरांकडे वळून म्हणाला, "बघा, बघा! आवळली काय, सैल सोडली काय, काडीचा फरक नाही. याला म्हणतात कमावलेलं शरीर!"

स्पंजाच्या आत मात्र नटवर्य उकडून निघत होते. घाम बाहेर यायला जागाच नव्हती. क्वाड्रिसेप्सपर्यंत ते कसेबसे पोचले, "मांडीच्या पुढच्या बाजूस..." एवढं म्हणाले, आणि व्यासपीठावरून सरळ पोरांच्या अंगावर कोसळले.

एकच धावपळ झाली. मालकानं प्रथमोपचाराचा कोर्स केला होता. तो गुडघ्यांवर बसला, नटवर्यांच्या छातीला कान लावला, दुसरा कान लावला, आणि ओरडला, "ठोके नाहीत! गेले! सर गेले!"

मागच्या खुर्चीवर बसलेली बायको पोरांना ढकलत पुढे धावली. एका पोराला रडू फुटलं, तिघंचौघं मोबाइल काढून चित्रण करू लागली. तेवढ्यात शेजारच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाई आल्या. नटवर्यांना उचलून केबिनमध्ये नेलं, बायको सोडून बाकीच्यांना बाहेर काढलं. डॉक्टरीणबाईंनी मनगट धरलं, मग टीशर्टावरून छातीला नळी लावली, दाबली. त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"नाडी तर छान लागतेय. पण छाती गप्प आहे. असं मी कधी पाहिलं नाही."

हे ऐकलं आणि बायकोच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. पाठोपाठ संताप आला.

"व्हा बाजूला," ती म्हणाली. "हूक मागं आहेत."

तिनं नवऱ्याला खसकन पालथं केलं, टीशर्ट वर सारला आणि सवयीच्या हातानं हूक सोडले. स्पंज उचलला तसा पाण्याचा ओघळ जमिनीवर आला. आतून लालबुंद, सुरकुतलेलं, खरं पोट बाहेर पडलं आणि वर-खाली होऊ लागलं. डॉक्टरीणबाई भिंतीकडे तोंड करून उभ्या राहिल्या. त्यांचे खांदे हलत होते.

पाणी मारल्यावर नटवर्यांनी डोळे उघडले. पहिला शब्द निघाला, "बाहेर कुणी पाहिलं?"

"मी पाहिलं. गेलात म्हणून पाहिलं तुम्हाला," बायको म्हणाली. "कळतंय का? विधवा झाले मी त्या स्पंजापायी, चांगली घटकाभर!"

नटवर्यांनी टीशर्ट ओढून पोट झाकलं.

बाहेर गर्दी दार ठोठावत होती. "काय सांगू ह्यांना?" डॉक्टरीणबाईंनी विचारलं.

बायकोनं डोळे पुसले. "सांगा, छाती इतकी जाड आहे की ठोके बाहेर येत नाहीत."

डॉक्टरीणबाईंनी थट्टेनं तसं सांगितलं, आणि लोकांनी ते अगदी मनापासून घेतलं. महिन्याच्या आत चौकात जिमचा फलक लागला. त्यावर नटवर्यांचा फोटो आणि खाली ओळ : 'जिथे डॉक्टरांची नळीही हरली, अशी छाती कमवा!' प्रवेशासाठी पोरांच्या रांगा लागल्या. मालकानं नटवर्यांना कधी काही विचारलं नाही. त्याचा कान तर त्या स्पंजात चांगला रुतला होता. पण धंदा करणाऱ्यानं कुठे बहिरं व्हावं हे त्याला ठाऊक होतं.

बायकोनं मात्र घरात कायदा केला. छाती थिएटरात राहील, घरात येणार नाही. नटवर्य फुरंगटले, दोन दिवस जेवताना बोलले नाहीत, तिसऱ्या दिवशी स्वतःच तक्ता काढून गुंडाळून ठेवला.

त्यानंतर साडूच्या मुलीचं लग्न आलं. छाती मिळाल्यापासून नटवर्य पहिल्यांदाच नुसत्या सदऱ्यात चारचौघांत निघाले. हॉलच्या पायऱ्या चढताना त्यांना नागवं वाटत होतं. आता हसतील म्हणून त्यांनी मनाची तयारी केली होती, उत्तरं जुळवून ठेवली होती. पण हसलं कुणीच नाही. लोक त्यांच्याकडे बघत आणि आवाज खाली आणत.

"काय हो हे? किती खंगलात!" एक मावशी कळवळून म्हणाली.

"छाती पार बसली की," दुसरं कुणी म्हणालं. "आणि पोटाला सूजही दिसते."

साडू स्वतः धावत आला. पोटावर थोपटण्याचं त्याच्या स्वप्नातही आलं नाही. त्यानं दंडाला धरून नटवर्यांना पंख्याखालच्या सोफ्यावर बसवलं, पाणी मागवलं आणि हळूच विचारलं, "दुसरीकडे दाखवलंत का? माझ्या ओळखीचे एक आहेत."

नटवर्यांनी बायकोकडे पाहिलं. मग सभोवार जमलेल्या चेहऱ्यांकडे पाहिलं. सगळ्यांचे डोळे त्यांच्यावर, सगळे श्वास रोखून. त्यांची पापणी सावकाश मिटली, हात थरथरत सोफ्याच्या कडेला गेला.

"चालायचंच," ते क्षीण आवाजात म्हणाले, आणि खोकले.

बायकोनं तो खोकला ऐकला. गेल्या कित्येक हिवाळ्यांत या माणसाला साधी शिंक आली नव्हती. तिनं पर्स उघडली, रुमाल काढून त्यांच्या हातात दिला आणि जेवणाच्या रांगेत जाऊन उभी राहिली.