रंगाऱ्याची रोळी

मी एक जुनी रोळी आहे. मला तीन पाय आहेत आणि त्यांतला एक मूळचा नाही. भोके किती आहेत ते मी कधी मोजले नाही. ज्याच्या अंगाला भोकेच भोके, त्याने असल्या हिशेबात पडू नये. मित्रांनो, तुमच्या घरी तांदूळ धुवायला, उकडलेले काही निथळायला जे भोकांचे भांडे असते, त्याच जातीची मी. वरून ओतायचे, पाणी खाली जाते, बाकीचे वर राहते. एवढेच माझे काम. कुठलीही गोष्ट मनाला लावून घेणे मला जमत नाही, कारण माझ्यात काही साठतच नाही.

माझा जन्म कारखान्यात झाला. मी आधी सपाट पत्रा होते. यंत्राने एका दणक्यात मला खोलगट केले आणि दुसऱ्या दणक्यात भोके पाडली. भोकांच्या जागचे गोल तुकडे पोत्यात भरून वितळवायला गेले. त्यांचे पुढे चमचे झाले असतील.

मला एका रंगाऱ्याच्या बायकोने विकत घेतले. तिच्या स्वयंपाकघरात मी पाच दिवस होते. सहाव्या दिवशी रंगारी आत आला, मला उचलले आणि घरामागच्या रंगशाळेकडे चालू लागला.

"अहो, ती माझी आहे!" बायको ओरडली.

"दोन तासांत आणून देतो," तो म्हणाला.

ते दोन तास एकवीस वर्षे चालले.

हा रंगारी कापड रंगवायचा, तेही झाडपाल्याच्या रंगांनी. कांद्याची साले, डाळिंबाची साले, झेंडूची फुले, अक्रोडाची टरफले तो मोठ्या पातेल्यात उकळायचा. मग एका घमेल्यावर मला ठेवायचा आणि सगळे माझ्यावर ओतायचा. रंगाचे पाणी घमेल्यात जमायचे. माझ्यात उरलेला चोथा तो मागच्या दाराबाहेरच्या ढिगावर उलटा करायचा, त्याकडे न बघता. "वरचं मेलं, खालचं जिवंत," असे तो म्हणायचा. रंग पक्का करणारी तुरटी वगैरे तो नंतर, दुसऱ्या भांड्यात घालायचा, त्यामुळे तिचा माझा संबंध कधी आला नाही.

रंगवलेले कापड वाळले की तो ते खिडकीशी नेई. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत हळूहळू सरकवत उजेडात बघे. तेवढा वेळ व्यापारीसुद्धा गप्प उभे राहत. सगळे मनासारखे असले तर तो एवढेच म्हणायचा, "एकसारखा बसलाय." महिन्यातून एखाद्या वेळी. त्यापलीकडे त्याच्या तोंडून कौतुकाचा शब्द कुणी ऐकला नव्हता. बायकोने तर नाहीच नाही.

रविवारी रंगशाळा बंद असे. त्या दिवशी बायको मला घासूनपुसून घरात आणायची. त्यांना एकच मुलगी. नाकावर राग, म्हणून सगळे तिला मिरची म्हणत. सोळाव्या वर्षी ती कुठूनशी पास्ता करायला शिकली. गाजर, बीट, टोमॅटो आणि कांदा मऊ शिजवून माझ्यात निथळायचे, वाटायचे, लसणाच्या फोडणीत परतायचे आणि त्यात शिजलेला पास्ता घालायचा. तिच्या आईला तो इतका आवडला की तिने मुलीकडून कृती कागदावर लिहून घेतली आणि कपाटाच्या दाराला आतून चिकटवली. म्हणजे सहा दिवस माझ्या खालचे महत्त्वाचे आणि सातव्या दिवशी वरचे. मला दोन्ही सारखेच. दोन घरचा पाहुणा उपाशी म्हणतात; तसे होऊ नये म्हणून मी दोन्हीकडे मन लावून काम करायची.

मिरची पुढे रंगशाळेत बापाच्या हाताखाली काम करू लागली. एकोणिसाव्या वर्षी तिने एक ओढणी बिटाच्या पाण्यात रंगवली. वडिलांना न विचारता. रंग असा सुंदर आला होता की एका गिऱ्हाइकाने ती तिथल्या तिथे उचलली. पहिल्याच धुण्यात सगळा रंग वाहून गेला. बीट कापडावर टिकत नाही, लबाड रंग आहे, हे रंगाऱ्यांना माहीत असते. तिला कुणी सांगितले नव्हते. गिऱ्हाईक ओढणी घेऊन परत आले तेव्हा रंगशाळेत दोन व्यापारी बसले होते. त्यांच्यादेखत रंगारी म्हणाला, "हिच्या हाताला रंगच नाही."

मिरचीने हात धुतले. पंधरा दिवसांनी ती घर सोडून गेली आणि दुसऱ्या गावी एका खाणावळीत कामाला लागली.

त्याची बायको दर रविवारी म्हणायची, "अहो, एक फोन करा."

"ती करेल," तो म्हणायचा. सुंभ जळाला तरी पीळ जळत नाही. बायकोचे बोलणे म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी झाले होते. मिरचीने घर सोडल्यावर सातव्या वर्षी बायको आजारी पडली आणि वारली. मिरची आली, चार दिवस राहिली. बापलेक चावी कुठे आहे आणि दूध संपले आहे, एवढेच बोलले. मग ती परत गेली.

त्यानंतर रंगाऱ्याने रंगशाळेला कुलूप लावले आणि मला स्वयंपाकघरातल्या खिळ्याला टांगले. दोन वर्षे मी तिथे होते. माझ्यात एका कोळ्याने संसार थाटला. त्याचेही माझ्यावर काही प्रेम नव्हते, पण भाडेकरू बरा होता.

मग एक दिवस फोन आला. रंगाऱ्याला कमी ऐकू येते, म्हणून तो फोनचा आवाज मोठा ठेवतो. घरातल्या सगळ्या भांड्यांना सगळे कळते.

"बाबा, मला एका हॉस्पिटलच्या स्वयंपाकघरात मुख्य म्हणून घेतलंय. लांब आहे, आता इकडे येणं होणार नाही फारसं. गुरुवारी तुमच्या गावावरूनच जाते आहे. आईची शाल न्यायचीये. तासभर येईन."

"जेवून जा," रंगारी म्हणाला.

पलीकडून उत्तर आले, "बघू."

या "बघू"वर तो तीन दिवस जगला. त्याने बाजारातून दोघांना नव्हे, पाच जणांना पुरतील एवढ्या भाज्या आणल्या. कपाट उघडून कागद वाचला, चष्मा पुसून पुन्हा वाचला. मला खिळ्यावरून काढले, कोळ्याला बाहेर सोडले आणि मला दोनदा घासले. गुरुवारी त्याने भाज्या चिरल्या. चिरल्या कसल्या, कापड बेतावे तशा मापून कापल्या. पातेल्यात मऊ शिजवल्या. वेळ होत आला होता. त्याने मला ठेवले, पातेले उचलले आणि ओतले.

जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही, ती अशी. माझ्याखाली त्याने घमेले ठेवले होते. त्यात लालभडक पाणी जमले. आणि मऊ शिजलेल्या सगळ्या भाज्या घेऊन तो मागच्या दाराकडे गेला व मला ढिगावर उलटे केले. न बघता. कोरड्या पाचोळ्यावर पडलेल्या भाज्यांतून वाफ निघाली, तेव्हा त्याला कळले.

तो रिकामी रोळी हातात घेऊन आत आला आणि समोर मिरची उभी होती.

"दार उघडंच होतं," ती म्हणाली. मग तिची नजर घमेल्याकडे गेली. "हे काय?"

"पास्ता करत होतो. तुझा."

"भाज्या कुठायत?"

त्याने मागच्या दाराकडे बोट केले. "टाकल्या. हाताने टाकल्या गं, मी नाही."

मला वाटले, आता मिरची शाल उचलेल आणि निघेल. त्यालाही तसेच वाटले असावे, कारण मला ओट्यावर ठेवून तो तिच्या वाटेतून बाजूला झाला. मग मिरचीने पदर खोचावा तशा बाह्या वर केल्या.

"आणखी काय आहे घरात?"

दोन टोमॅटो, एक वाकडे गाजर म्हणून बाजूला ठेवलेले, लसूण. तिने घमेल्यातले लाल पाणी पातेल्यात ओतून चुलीवर चढवले. मीठ घातले, पास्ता घातला. "बाबा, पाणी कशाला वाया घालवायचं? तुम्ही ठेवलंच आहे तर ह्यातच शिजवू."

"धडाधड उकळू नकोस," तो एकदम म्हणाला. "बीट मरतं. लिंबू पिळ थोडं. आणि हलवत राहा, नाहीतर डाग पडतील."

तिने लिंबू पिळले. दुसऱ्या कढईत लसूण परतला, गाजर किसून टाकले, टोमॅटो चिरून टाकले. रस्सा अगदीच थोडा झाला. मग पास्ता निथळायची वेळ आली, आणि रंगाऱ्याने पुन्हा माझ्याखाली घमेले धरले. या वेळी मिरची हसली.

"असू दे. तेच हवंय." तिने घमेल्यातले दोन डाव पाणी कढईत घातले. पास्त्याच्या पिठाने ते दाटसर झाले होते. वाटीभर रस्सा दोघांना पुरेल एवढा झाला. ज्या खोडीने जेवण घालवले होते, तिनेच ते भरून काढले. मी वर पास्ता धरला, खाली पाणी गेले, आणि पहिल्यांदाच दोन्हींतले काही टाकले गेले नाही.

मित्रांनो, मग रंगाऱ्याने माझ्यातला एक पास्ता उचलला आणि तो खिडकीशी घेऊन गेला. उजेडात धरला. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फिरवून पाहिला. मिरचीचा हात कढईवर तसाच थांबला.

"एकसारखा बसलाय," तो म्हणाला.

"बीट आहे बाबा. टिकणार नाही."

"जेवण होईपर्यंत टिकलं की झालं." तो खिडकीकडेच तोंड करून बोलत होता. "त्या वेळीसुद्धा दोष बिटाचा होता. तुझ्या हाताचा नव्हता. मला तेव्हाच माहीत होतं."

मिरचीने दोन ताटल्या घेतल्या, मग तिसरी, आईचीही उचलली आणि परत ठेवली. दोघे जेवले. तिने दुसऱ्यांदा वाढून घेतले. गाडी चुकली, ती उद्या सकाळी जाईन म्हणाली.

आता माझे एकच मागणे आहे, मित्रांनो, आणि ते स्वार्थाचे आहे. आम्हा रोळ्यांना जेवणाआधी धुवा. भोकांत अडकलेले पीठ ओले असताना नुसत्या पाण्याने निघते, वाळले की खरवडावे लागते. त्या दिवशी रंगाऱ्याने ताटावर बसण्याआधी मला नळाखाली धरले. वाळलेलेही निघते म्हणा. या घरात नऊ वर्षांनी निघाले. पण तिसऱ्या ताटलीच्या मालकिणीला सातच वर्षे मिळाली होती.