उजेडाचा ताप

त्या प्रयोगशाळेत दोन सख्ख्या बहिणी शेजारशेजारच्या टेबलांवर बसत आणि दोघींचे काम एकच होते: मोहरीच्या दाण्याएवढ्या सिलिकॉनच्या तुकड्याला उष्णता ओळखायला शिकवणे. थोरलीला सगळे ताई म्हणत, अगदी विभागप्रमुखसुद्धा. धाकटीला घरात लहानपणापासून वेंधळी म्हणत. ते नाव ताईनेच कौतुकाच्या वेष्टनात गुंडाळून कार्यालयात आणले आणि तिथेही ते रुजले.

अपुऱ्या दिवसांच्या बाळांच्या छातीवर चिकटवायची एक पट्टी तयार व्हायची होती. तिच्यात शर्टाच्या बटणाहून लहान बॅटरी आणि बाळाचा ताप मोजणारी सिलिकॉनची एक चिप असणार होती. ताईची चिप जुन्या, भरवशाच्या रीतीने बांधलेली असून तिच्या अचूकतेला कोणी बोट लावू शकत नव्हते. परंतु ती वीज इतकी ओढत असे की आठवड्यात बॅटरी संपून जाई. धाकटीने वेगळाच मार्ग धरला. बंद केलेल्या ट्रान्झिस्टरमधूनही किंचित वीज गळत राहते. साऱ्या अभियंत्यांनी आजवर दोष म्हणून हिणवलेल्या त्या गळतीलाच तिने मापनाचे साधन केले. उष्णता वाढली की गळती वाढते. तिचा वेग मोजला की तापमान हाती येते. एका बॅटरीवर ही चिप वर्षभर चालणार होती.

एकदा डबा खाताना ती सर्वांसमक्ष म्हणाली, "ताई, तुझं कार्टं फार खातं गं! माझं बघ, नुसत्या वासावर जगतं."

सगळे हसले. ताईही हसली. मात्र तिने उरलेला डबा झाकून ठेवला. ट्रान्झिस्टर म्हणजे काय हे स्वयंपाकघरातला नळ सोडून आणि बंद करून तिनेच या पोरीला समजावले होते. थेंब थेंब गळणारा नळसुद्धा तिनेच दाखवला होता.

धाकटीच्या चिपेत एकच उणीव होती. उष्णतेप्रमाणे उजेडानेही गळती वाढते. पट्टीत ती काळ्या प्लास्टिकमध्ये बंद होणार असल्याने तिथे चिंता नव्हती. पण चाचणीची चिप चिनीमातीच्या उघड्या वाटीत बसवलेली होती. म्हणून धाकटी औषधाच्या बाटलीचे काळे रबरी बूच तिच्यावर घाली. त्या बुचाला ती चिपेची टोपी म्हणे. आधी टोपी, मग मोजणी, हा तिचा नित्यनेम होता.

दोन चिपांपैकी एकच निवडली जाणार होती. ताईची नेमणूक कायमची होती. धाकटीची मात्र या एका प्रकल्पापुरती. निवड झाली नाही तर तिची खुर्चीही जाणार होती आणि हे दोघींनाही ठाऊक होते.

निवडीच्या दिवशी विभागप्रमुखांबरोबर एक वृद्ध बालरोगतज्ज्ञ आले. टेबलावर धातूचा एक ठोकळा सदतीस अंशांवर स्थिर राखलेला होता. त्यावर दोन्ही चिपा होत्या आणि प्रमाण म्हणून प्लॅटिनमचा तापमापक. डॉक्टरांनी दिव्याखाली, सूक्ष्मदर्शकातून चिपा पाहिल्या आणि लहान मुलासारखे हरखून गेले. ते बाजूला होताच धाकटीने टोपी घातली व अंगठ्याने दाबून बसवली.

"अगं, या प्रोजेक्टरची केबल कुठाय?" विभागप्रमुखांनी दारातून हाक मारली. ती धावली. पाहुणे चहाचे कप घेऊन पडद्याकडे वळले आणि टेबलापाशी ताई एकटी उरली.

तिने काहीही योजलेले नव्हते. तिच्या हाताने ती टोपी उचलली, ती टेबल आवरल्याइतक्या सहजपणे. मग एखादी विसराळू व्यक्ती जिथे ठेवील, नेमकी तिथे, दिव्याच्या बैठकीला टेकवून तिने ती ठेवली. दिवा चालूच होता.

पडद्यावर आकडे उमटले. प्लॅटिनम सदतीस, ताईची चिप सदतीस, धाकटीची जवळजवळ एक्केचाळीस.

"बापरे!" डॉक्टर म्हणाले. "या बाळाला तर सणसणून ताप भरलाय. सलाईन लावा कुणीतरी!"

हशा पिकला. धाकटी धडपडत टेबलाकडे गेली, टोपी दिसताच तिने ती चिपेवर दाबली आणि आकडा तत्क्षणी सदतीसवर उतरला.

"टोपी राहिली होती. फक्त टोपी. उजेड पडला की..."

"म्हणजे दिवा लावला की ताप येतो?" डॉक्टरांनी कप खाली ठेवला. "पोरी, आमच्याकडे कावीळ झालेली बाळं दिवसरात्र दिव्याखालीच असतात गं."

"पण पट्टीत ती काळ्या प्लास्टिकमध्ये बंद असणार, डॉक्टर! उजेड पोचणारच नाही. ताईंना विचारा ना."

सगळ्यांचे डोळे ताईकडे वळले. एका वाक्याचे काम होते, आणि त्या खोलीत तेवढ्या अधिकाराने ते बोलू शकेल असे दुसरे कोणी नव्हते.

"बरोबर आहे तिचं," ताई म्हणाली. "झाकली की काही होत नाही. झाकायची आठवण राहिली, तर."

पुन्हा हशा झाला. विभागप्रमुखांनी विचारले, "पण टोपी काढली कुणी?"

"मी... मी घातली होती, सर."

"घातली होती, की घालायची होती?"

"जाऊ द्या हो," ताई मायेने म्हणाली. "लहानपणापासूनच वेंधळी आहे. चष्मा कपाळावर आणि शोध घरभर."

निवड ताईच्या चिपेची झाली.

संध्याकाळी घरी भांडी घासता घासता धाकटी एकाएकी थांबली.

"ताई, मी टोपी घातली होती गं. केबल हातात घेतली तेव्हा बोटांना रबराचा वास येत होता. पक्कं आठवतंय मला."

ताई ताटे पुसत होती. तिने हातातले ताट पुसून झाल्यावर ते जागेवर ठेवले.

"काढतानाही तोच वास लागतो, बाळा."

धाकटीने आपली ओली बोटे नाकाशी नेली. "म्हणजे मीच काढली असेल?"

"असेल."

त्या दिवसापासून तिचा स्वतःवरचा विश्वास उडाला. गॅसचे बटण ती पुन्हा पुन्हा चाचपू लागली. बाहेर पडल्यावर कडी पाहायला अर्ध्या वाटेवरून परतू लागली. आई शेजारणीला म्हणाली, "एक बरं झालं, आमची वेंधळी आता शहाणी झाली." ताईने ते ऐकले आणि चहात साखर ढवळली.

धाकटीच्या निरोपाच्या महिन्यातच इस्पितळातून तक्रार आली. ताईच्या चिपेच्या चाचणीपट्ट्या दर आठवड्याला बदलाव्या लागत आणि सोलून काढताना पट्टीबरोबर बाळांची कोवळी कातडीही निघून येई. विभागप्रमुखांनी ताईला बोलावून सांगितले की वीज कमी खाणारे काहीतरी करा, नाहीतर प्रकल्प गुंडाळावा लागेल.

ताई धाकटीच्या टेबलापाशी गेली. "तुझी ती गळतीची आकृती माझ्याकडे देऊन ठेवतेस? नुसती पडून राहील."

धाकटीच्या चेहऱ्यावर संशयाचा लवलेशही उमटला नाही; उलट तिला हायसे वाटले. साऱ्या आकृत्या, चिपा आणि शेवटी ती काळी टोपीही तिने ताईच्या ओंजळीत ठेवली.

"तूच सांभाळ. माझ्याकडून काहीतरी राहून जाईल. टोपी मात्र आठवणीने घाल हं."

"घालीन," ताई म्हणाली.

धाकटीच्या नोकरीच्या शेवटच्या दिवशी ताईने तीच चिप आपल्या टेबलावर मांडली. टोपी अंगठ्याने दाबून बसवली. विभागप्रमुख व चार सहकारी भोवती उभे होते. आकडा सदतीसवर येऊन निश्चल राहिला.

"वा! आणि बॅटरी वर्षभर?" विभागप्रमुख म्हणाले. "ताई, मानलं तुम्हाला. तुमच्या हातून काही निसटत नाही."

इतक्यात दार ढकलून धाकटी आत आली. मघाशीच सर्वांचा निरोप घेऊन ती गेली होती.

"ताई, माझी पिशवी इथे राहिली का गं?"

ताईने मान वर केली. "खांद्यालाच आहे की."

सगळे खदखदून हसले. धाकटीने खांद्याकडे पाहिले, पिशवीचा पट्टा घट्ट धरला आणि त्या सर्वांहून मोठ्याने हसली.