आतली कडी

घरी आल्यावर चौथ्याच दिवशी अक्कानं भावजयीची पाचावर धारण बसवली, आणि तीसुद्धा काहीएक न करता. नुसती उभी राहून.

झालं ते एवढंच. सकाळी भावजय चहाला हाक मारायला मागच्या खोलीकडे गेली. दार नुसतं लोटलेलं होतं. तिनं ते ढकललं, तर समोर नणंद. दाराला नाक लागेल इतक्या जवळ, वेणी घातलेली, हात दोन्ही बाजूंना सरळ.

"आलीस का? मी कधीची तयार आहे," अक्का आनंदानं म्हणाली.

भावजयीनं जी किंकाळी फोडली तिनं शेजारची दोन घरं जागी झाली. अक्काचा धाकटा भाऊ अर्ध्या गालाला साबण लावलेला तसाच धावत आला. कुणाला काही लागलेलं नाही, काही फुटलेलं नाही, हे पाहून तो परत दाढीला गेला. पण भावजयीचा हात दिवसभर छातीवरून हलला नाही.

आता यात वेड कसलं आलं? अक्का सव्वीस वर्षं मनोरुग्णालयात होती. तिथं दार ही रुग्णाची वस्तूच नव्हे. दार आयाचं. सकाळी आया किल्ल्यांचा जुडगा वाजवत यायची, दार उघडायची, तोवर तयार होऊन दारामागं उभं राहायचं. जी बाई स्वतःहून दाराला हात लावेल ती पळायला निघाली असं धरायचे, आणि मग तिची काय गत व्हायची ते न सांगितलेलं बरं. अशा सव्वीस वर्षांनी हात दार विसरतो. अक्का खोलीत वाट पाहत उभी होती, इतकंच. हे भावजयीला कोण सांगणार? आणि हे सांगावं लागतं, हे अक्काला तरी कुठं ठाऊक होतं.

घरी यायला मिळालं होतं तेही महिन्याच्या बोलीवर. कायदा बदलला होता. बऱ्या झालेल्या माणसांना उगाच कोंडून ठेवायचं नाही असं वरून आलं होतं. डॉक्टरीणबाईंनी भावाला इतके फोन केले की शेवटी लाजेकाजेस्तव तो न्यायला आला. महिना नीट गेला तर अक्का कायमची घरी. नाही गेला तर घरातून एक फोन, आणि रुग्णालयाची गाडी दारात. हे अक्काला माहीत होतं, भावाला माहीत होतं, आणि भावजयीला तर फोनचा नंबर पाठ होता.

त्या रुग्णालयाचं म्हणाल, तर जुन्या वॉर्डाच्या भिंतीत अजून लोखंडी कड्या होत्या. एके काळी त्यांना माणसं बांधत. अक्का तिथं गेली तेव्हा साखळ्या जाऊन जमाना झाला होता, पण कड्या कुणी उपटल्या नव्हत्या; आया त्यांना दोरी बांधून ओले कपडे वाळत घालायच्या. अक्काच्या पहिल्या वर्षांत न्हाणीघराला दारंच नव्हती. बायकांना ओळीनं उभं करायचं आणि नळीनं पाणी मारायचं, गाड्या धुतात तसं. पुढं कुणीतरी मोठे लोक पाहणीला आले, त्यांना शरम वाटली, आणि न्हाणीघरांना दारं बसली. आतून कडी मात्र बसली नाही.

अक्कानं त्या आतल्या कडीचा हट्ट धरला. जो साहेब पाहणीला येईल त्याच्यापुढं जायचं आणि विचारायचं, "आतून कडी कधी लावणार?" साहेब बदलले, डॉक्टर बदलले, प्रश्न तोच.

"अहो अक्का, आत कुणी स्वतःला काही करून घेतलं तर?" एक तरुण डॉक्टर म्हणाला होता.

"आणि बाहेरून कुणी आत येऊन काही केलं तर?" अक्का म्हणाली.

डॉक्टर पुढच्या खाटेकडे वळला. कडी काही आली नाही.

तर, किंकाळीनंतर दोन दिवस घरात कुजबुज चालली. अक्का खोलीत आली की कुजबुज थांबायची आणि भावजय भांडी घासायला घ्यायची, घासलेलीच. तिसऱ्या दिवशी मात्र ती एकदम गोड झाली.

"वन्सं, चला, तुम्हाला चपला घेऊ. किती दिवस त्या रबरी घालणार?"

अक्काला कोण आनंद झाला! सव्वीस वर्षं वॉर्डात सगळ्यांच्या चपला सारख्या, निळ्या. आज हिच्या पायात त्या उद्या तिच्या. दुकानात तिनं दुकानदाराला घाम फोडला. ही घट्ट, ती ढिली, ही म्हातारीची. शेवटी लाल पट्ट्याची घेतली. भावजय म्हणाली, "लाल?" अक्का म्हणाली, "लाल." घरी येताना ती पायांकडे बघत चालली, दोनदा खांबाला धडकता धडकता वाचली.

मागच्या खोलीच्या उंबऱ्याशी तिचे पाय थांबले. फरशीवर लाकडाचा भुसा होता. झाडला होता, पण कोपऱ्यात राहिला होता. रुग्णालयाच्या सुतारशाळेत अक्का स्टुलं करायची. ताजा भुसा तिला वासानंच कळायचा. तिनं मान वर केली. दाराला नवीकोरी कडी होती. बाहेरून.

"हे काय?"

भाऊ खिडकीपाशी उभा होता. त्यानं बाहेर काहीतरी फार महत्त्वाचं चालल्यासारखं पाहिलं. "काही नाही अक्का. फक्त रात्रीपुरती. तुझ्याच काळजीनं."

"माझ्या काळजीनं लावलीस तर आतून लावायची. बाहेरून कुणाच्या काळजीनं?"

"वन्सं, रागावू नका हो," भावजय घाईनं म्हणाली. "तुम्हाला त्रास होईल."

झालं. भावजय चिडली की तिचं डोकं दुखत असतं. भाऊ चिडला की कचेरीत काम जास्त असतं. आणि अक्का चिडली की आजार उलटलेला असतो. तळपायाची आग मस्तकात गेली तरी अक्कानं हसतमुख राहायचं, कारण तिचा राग हा राग नव्हे, ते लक्षण. वॉर्डात असल्या रागाला सुई मिळायची.

गप्प बसावं, असं अक्काच्या मनात एकदा येऊन गेलं. महिना सरेस्तोवर मान खाली घालून राहायचं, मग कायमची घरी. पण कायमची कुठं? या कडीच्या आत. तिथं निदान गप्पा मारायला वॉर्डभर बायका होत्या. इथं ती एकटी आणि पाय पसरले की संपणारी खोली. आणि मग अक्कानं ठरवलं की जायचं तर चिडून जाऊ, पण हसून राहायचं नाही.

"फोन कर," ती भावजयीला म्हणाली. "नंबर पाठ आहे ना? कर. पण गाडी यायला वेळ लागतो. तोवर मला स्क्रू-ड्रायव्हर दे."

"अक्का, तमाशा नको," भाऊ म्हणाला.

"तमाशा? ऐक. मी वेडी झाले होते. खोटं का बोलू? आई गेली आणि मला भिंतीतून माणसं बोलताना ऐकू यायची. तुला पातेलं फेकून मारलं, कपाळावर खूण आहे तुझ्या. दवाखान्यात नेलंत, चांगलं केलंत. आजही रोज रात्री गोळी घेते, कुणी न सांगता. पण चार वर्षांत बरी झाले होते मी. डॉक्टरांनी पत्र धाडलं, कुणी आलं नाही. मग उरलेली वर्षं मी कोणत्या आजाराची काढली, सांग ना?"

"बाबांनी नको म्हटलं होतं…"

"बाबा जाऊनही बारा वर्षं झाली. नंतर कोण नको म्हणत होतं?"

भावाचा हात आपोआप कपाळावरच्या खुणेकडे गेला. तो आत गेला आणि हत्यारांचा डबा घेऊन आला.

"अहो!" भावजय म्हणाली. फोन तिच्या हातात होता. "मला भीती वाटते. रात्री डोळ्याला डोळा लागत नाही माझ्या. त्याचं काय?"

तिची भीती खोटी नव्हती, आणि अक्काला ते कळत होतं. तिचा आवाज थोडा उतरला.

"वाटते ना? मग तुझ्या खोलीला आतून कडी आहे, ती घाल. मी रागावणार नाही. भिणाऱ्यानं स्वतःचं दार लावावं, दुसऱ्याला का कोंडावं?"

फोन भावजयीच्या हातातच राहिला.

अक्कानं पदर खोचला आणि स्क्रू काढायला सुरुवात केली. सुतारानं घाईत लावलेले होते, दोन तर वाकडेच. कडी निघाली. ती दाराच्या आतल्या अंगाला धरून तिनं जागा पाहिली, पेन्सिलीनं खुणा केल्या. पण दार हलायला लागलं.

"दार धर," ती भावाला म्हणाली.

त्यानं दार धरलं. शेवटचा स्क्रू घट्ट होईस्तोवर धरून ठेवलं.

मग अक्का आत गेली, दार लावलं आणि कडी सरकवली. खट्. तिनं ती काढली, परत लावली. परत काढली, परत लावली. लाल चपला पायात ठेवूनच ती खाटेवर बसली आणि पोटभर रडली. कुणी बघायला नव्हतं. रडताना कुणी बघत नाही, हेही तिला फार वर्षांनी मिळत होतं.

संध्याकाळी कुणीतरी बाहेरून दार ढकललं. ते हललं नाही. परत ढकललं.

"अक्का?" भावाचा आवाज. आता काय करायचं ते त्याला कळेना, हे त्या आवाजातच ऐकू येत होतं. तो दाराशी तसाच उभा राहिला.

"ढकलू नकोस," अक्का आतून म्हणाली. "वाजव."

मग हळूच टकटक झाली.

"कोण?" अक्कानं विचारलं. कोण ते तिला पक्कं ठाऊक होतं. पण हा प्रश्न विचारायची पाळी तिच्यावर सव्वीस वर्षांत कुणी येऊ दिली नव्हती.

"मी."

"काय काम आहे?"

"जेवायला वाढलंय. हिनं तुझंही पान घेतलंय."

"फोन केला का तिनं?"

"नाही."

"थांब जरा. येते."

अक्कानं सावकाश केस विंचरले, वेणी घातली, चपलांवरची धूळ पुसली. भाऊ बाहेर थांबला. मग ती उठली आणि आपल्या हातानं कडी काढून बाहेर आली.