तीन वर्षांचा कागद

जुनी गाडी घेणारी माणसं किंमत विचारतात, तेव्हा मला हसू येतं. किंमत एकदाच द्यायची असते. गाडी खाते ती नंतर, आणि किती खाणार हे सांगणं हा माझा धंदा. तेवीस वर्षं मी जुन्या गाड्या तपासतोय. गाडीखाली आडवा होतो, इंजिन ऐकतो, डिक्कीतला गालिचा उचलून बघतो आणि मग एक कागद करतो. पुढच्या तीन वर्षांत पेट्रोल किती, विमा किती, टायर, बॅटरी किती, काय मोडणार आणि कधी मोडणार, सगळं त्यावर असतं. बेरीज करून छत्तीसने भागलं की महिन्याचा आकडा येतो. खाली सही आणि शिक्का. या कागदावर लोक डोळे मिटून विश्वास ठेवतात. ठेवावाच, कारण मी तो कधी खोटा केला नव्हता. एकदाच केला.

दादा गेला त्याला तेव्हा दोन महिने झाले होते. दादा म्हणजे माझा थोरला भाऊ, सगळ्यांचा लाडका, सगळ्यांच्या मदतीला धावणारा. लहानपणापासून मी त्याच्या गुणगानाला विटलो होतो. मला तो मापाड्या म्हणायचा आणि चारचौघांत हसायचा. मागे राहिली वहिनी, दोन खोल्यांचं घर आणि बारा वर्षांची एक पांढरी सेडान.

वहिनीने मला बोलावलं आणि चहा ठेवता ठेवता विषयाला हात घातला.

"भावजी, मला नोकरी मिळतेय. मोठ्या इस्पितळाच्या धुलाईखान्यात, देखरेखीची. पहाटे साडेपाचला हजर राहायचं. पहिली बस सहा दहाला सुटते, म्हणजे गाडीशिवाय जमणार नाही."

"पण तुम्हाला चालवता येते?"

"मागच्या वर्षीच लायसन्स काढलं की! यांनीच शिकवलं. तुम्हाला ठाऊक आहे, मी भित्री. पण आता जाते बाजारापर्यंत." मग तिने पदराला हात पुसले. "पगारातून सगळं वजा करून पाहिलं. गाडी महिना आठ हजारांत बसली तर नोकरी घेते. नाही बसली तर पुढची खोली भाड्याने द्यायची आणि मी स्वयंपाकघरात राहायचं. कुणाच्या दारात जाऊन उभी राहणार नाही. तुम्ही खरं काय ते सांगा. पहिल्या तारखेच्या आत कळवायचंय त्यांना."

मी चहा संपवला आणि खाली गेलो.

तेवीस वर्षांत मी अशा चार-पाच गाड्या पाहिल्या असतील, त्याहून जास्त नाही. बारा वर्षांची गाडी, पण खालून बोट फिरवलं तर गंजाचा कण लागला नाही. इंजिन चालू आहे की बंद, हे कळायला कान लावावा लागला. मागच्या काचेवर लाल चिकटपट्टीचं शिकाऊ चालकाचं चिन्ह होतं, दादाने हाताने कापून लावलेलं, थोडं वाकडं. डॅशबोर्डच्या खणात त्याची डायरी सापडली. गाडी घेतल्या दिवसापासूनची प्रत्येक नोंद तिच्यात होती. कुठल्या तारखेला तेल बदललं, टायर कुठून घेतले, टायमिंग बेल्ट गेल्याच वर्षी नवा टाकला, सगळ्याच्या पावत्या टाचलेल्या. शेवटची नोंद त्याच्या आजारपणातली होती आणि अक्षर हललेलं होतं. "क्लच पूर्ण नवा बसवला. आता पायाला हलका आहे. हिला जमेल."

मी तिथेच सीटवर बसून खरा हिशोब केला. पेट्रोल बत्तीसशे, विमा सातशे, सर्व्हिसिंग सहाशे, टायर-बॅटरीचे सातशे, अचानक काही निघालं तर पाचशे. महिना पाच हजार सातशे. वहिनी आरामात नोकरीला जाऊ शकत होती.

आता माझं सांगतो. मी, बायको, दोन पोरं, आणि एक स्कूटर. पोरं मोठी झाली तशी आम्ही दोन फेऱ्यांत लग्नाला जायला लागलो. बायकोचं एकच पालुपद, "दुसऱ्यांच्या गाड्यांखाली झोपण्यात जन्म गेला तुमचा." ही गाडी बाजारात दोन लाखांना हसत गेली असती. दोन लाख माझ्याकडे नव्हते, चाळीस हजार होते. मी डायरी माझ्या बॅगेत टाकली. वाईट वाटलं नाही. उलट बरं वाटलं, की दादाची एक तरी गोष्ट आता माझी होईल.

कागद मी घरी नीट बसून केला. टायमिंग बेल्ट पंचवीस हजार, क्लच तीस, सस्पेंशन पंचेचाळीस, गिअरबॉक्स साठ. एवढ्यावर थांबलो असतो तर निभावलं असतं. पण मला खात्री हवी होती. म्हणून खाली लिहिलं, "चासी (गाडीचा खालचा सांगाडा) आतून गंजलेली, ब्रेकच्या नळ्या कमकुवत, वेगात ब्रेक लागतीलच याची खात्री नाही. दुरुस्ती एक लाख दहा हजार." महिन्याचा आकडा निघाला तेरा हजार दोनशे. शिक्का मारला.

वहिनीने कागद दोनदा वाचला. तिच्या तोंडचं पाणी पळालं.

"हे म्हणायचे, गाडी ठणठणीत आहे."

"दादाचा जीव होता तिच्यावर. जीव असला की माणसाला दिसत नाही."

"ते डायरी लिहायचे बघा. त्यात काही?"

"खणात तर काही नव्हतं," मी म्हणालो. मग आवाजात माया आणून म्हटलं, "तुम्ही काळजी करू नका. पांढरा हत्ती आहे, पण घरची वस्तू आहे. मी घेतो चाळीस हजारांना. हळूहळू करेन दुरुस्त."

तिने माझ्याकडे पाहिलं, आणि तिचे डोळे भरून आले. मी मनात गाडीला नवं सीटकव्हरही घालून टाकलं.

दोन दिवसांनी तिचा फोन आला. "भावजी, मी गाडी तुम्हाला देणार नाही."

"का? कुणी जास्त देतंय?"

"मास्तर आले होते समोरचे, दीड लाख द्यायला तयार होते. मी तुमचा कागद दाखवला. घाबरून गेले बिचारे. तुम्हाला कशी देऊ? तुमची मुलं बसणार त्यात. उद्या ब्रेक लागले नाहीत तर मी कुणाला तोंड दाखवू? तुम्ही माझ्यासाठी स्वतःच्या गळ्यात धोंडा बांधून घ्यायला निघालात, पण मला ते बघवणार नाही. मी भंगारात देते. तोडूनच टाकू दे."

"अहो, मी दुरुस्त करणारच आहे ना..."

"तुम्हीच लिहिलंय, दुरुस्ती गाडीच्या किमतीहून जास्त. मी वाचलंय नीट. आणि इस्पितळात नाही म्हणून कळवलं. तुम्ही फक्त माझ्याबरोबर चला, ते लोक मला फसवतील."

माझ्याच कागदाने मला बांधून घातलं होतं. मी "येतो" म्हणालो.

भंगारवाल्याच्या आवारात दारं एकीकडे रचलेली, काचा एकीकडे, मध्ये तेलाने काळी पडलेली जमीन. गाडी वहिनीनेच चालवत आणली, वीसच्या वेगाने, दर चौकात ब्रेक आधीपासून दाबत. मी शेजारी बसलो होतो. ब्रेक लोण्यासारखे लागत होते. तिने इंजिन बंद केलं आणि स्टिअरिंगवरून एकदा हात फिरवला.

भंगारवाला जाडजूड, बनियनवर. त्याने किल्ली फिरवली, ऐकलं, बंद केली, पुन्हा फिरवली.

"ताई, ही तोडायची? अहो, इंजिन अजून दहा वर्षं मागे बघणार नाही. कुणी सांगितलं तोडायला?"

वहिनीने माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत संशय नव्हता, नुसती आशा होती. माझी बॅग खांद्याला होती आणि डायरी बॅगेत होती. "माझी चूक झाली, पुन्हा तपासतो," एवढं वाक्य पुरलं असतं. आता त्या गाडीतून मला एक पैसा मिळणार नव्हता. खोटं बोलण्यात माझा काही म्हणजे काही फायदा नव्हता. फक्त त्या बनियनवाल्यासमोर माझा कागद चुकला असता.

"आवाजावर जाऊ नका," मी म्हणालो. "चासी गेलीय खालून."

भंगारवाला गुडघ्यावर बसला, वाकला, खाली बघितलं. उठला तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर हसू होतं. त्याला वाटलं, मी त्याच्याच जातकुळीतला. "साहेब म्हणतात तर गेलीच असणार. पंधरा हजार देतो."

"तोडणार ना पण नक्की?" वहिनीने विचारलं.

"तोडणार तर! त्याशिवाय काय करायचं तिचं?"

तिने सगळ्या कागदांवर सह्या केल्या. जाताना मागच्या काचेवरची लाल पट्टी काढायला बघत होती, पण ती अर्धीच निघाली. परत आम्ही बसने आलो. वाटेत ती मला म्हणाली, "तुम्ही होतात म्हणून निभावलं." मी खिडकीबाहेर बघत बसलो.

पुढची खोली भाड्याने गेली. वहिनी कोपऱ्यावरच्या लाँड्रीत इस्त्रीला उभी राहू लागली, धुलाईखान्याच्या निम्म्या पगारात. दोन महिन्यांनी एके सकाळी तिचा फोन आला, तिला धाप लागलेली.

"भावजी, आपली गाडी! मी पाहिली. तोडली नाही हो त्याने, विकली. अर्धी लाल पट्टी तशीच आहे काचेवर. आत एक माणूस आणि दोन मुलं, शाळेच्या कपड्यांत. भावजी, ब्रेक! त्यांना कुणीतरी सांगायला पाहिजे!"

"वहिनी, त्याने दुरुस्त केली असेल. तुम्ही नका लक्ष घालू."

"मुलं होती हो आत," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

नंतर कळलं ते असं. चार दिवस ती कामाला जायच्या आधी त्याच चौकात माझा कागद हातात घेऊन उभी राहिली. पाचव्या दिवशी सिग्नलला गाडी थांबली, तेव्हा ही भित्री बाई रहदारीत घुसली आणि काचेवर थापा मारायला लागली. त्या माणसाला वाटलं, वेडी आहे. पण कागदावर शिक्का होता, गाडीचा नंबर होता. मुलांना रिक्षाने पाठवून तो थेट गॅरेजला गेला, आणि तिलाही बरोबर नेलं.

त्या संध्याकाळी ती माझ्या दारात आली. बायकोने खुर्ची पुढे केली, ती बसली नाही. चहालाही नको म्हणाली.

"त्यांनी दोन गॅरेजांत दाखवली गाडी," ती म्हणाली. आवाज अगदी साधा होता. "मी दोन्हीकडे होते. वर उचलून दाखवली मला. गंज नाही. क्लच नवा आहे, बेल्ट नवा आहे. दुसरा गॅरेजवाला म्हणाला, ज्याने ही अशी ठेवली तो डायरी ठेवत असणार." तिने हात पुढे केला. "डायरी द्या."

खणात काही नव्हतं, असं मी म्हणालो होतो. पुन्हा म्हणता आलं असतं. मी आत गेलो, कपाटातून डायरी काढली आणि तिच्या हातात दिली. बायको माझ्या तोंडाकडे बघत राहिली.

वहिनीने उभ्याउभ्या शेवटचं पान उघडलं. दोन ओळींची ती नोंद वाचायला तिला खूप वेळ लागला. मला लाज वाटत होती, खरंच वाटत होती.

मग तिने डायरी पिशवीत ठेवली, पाकीट काढलं आणि टेबलावर दोन हजार ठेवले.

"हे काय?"

"तुमची फी. कागदाची हीच घेता ना? घरातल्याकडूनही काम फुकट घ्यायचं नाही, असं ते म्हणायचे. राहून गेली होती. पावती द्या."

"वहिनी, कशाला आता..."

"पावती द्या."

इस्त्रीने तिची बोटं भाजलेली होती, दोन बोटांना पट्टी होती. मी पावतीपुस्तक काढलं. तारीख टाकली, तिचं नाव टाकलं, रक्कम टाकली. खाली 'कशाबद्दल' अशी एक ओळ असते. तिथे माझं पेन थांबलं.

"लिहा," ती म्हणाली. "काय लिहायचं ते तुम्हाला माहीत आहे. तेवढं खरं लिहा, मी पुन्हा येणार नाही."

बायको दारात उभी होती. पावतीपुस्तकात खाली कार्बनची प्रत उमटते, ती वर्षअखेरीला हिशोब तपासणाऱ्याच्या हातात जाते. मी लिहिलं, 'गाडी तपासणी.' सही केली. सवयीने शिक्काही मारला आणि पावती फाडून तिला दिली.

तिने वाचली, घडी केली.

"आताही?" एवढंच म्हणाली, आणि चपला घालून गेली.