तेक्सुच्या आईचे नाव

मित्रांनो, मी पाण्याची घागर आहे. वय विचाराल तर ऐंशीच्या पुढे असेल. पोट गोल, तोंड अरुंद, रंग जळक्या विटेचा, आणि काठाचा एक टवका उडालेला. आमच्या जेजू बेटावर वारा असा, की डोक्यावर काही ठरत नाही. म्हणून आम्ही घागरींनी सारा जन्म बायकांच्या पाठीवर काढला.

मला कुंभाराने घडवले असे सांगतात. खरे म्हणजे माती खणली त्याच्या बायकोने आणि तुडवली त्याच्या मुलींनी. त्याने चाक फिरवले आणि भट्टी पेटवली. माझ्याबरोबर भाजायला गेलेल्या कितीतरी घागरी तडकल्या. मी वाचले आणि डोंगराच्या उतारावरच्या सुनमुल गावात एका घरी आले. घेणारी बाई उंच, हाडकुळी आणि जिभेची तिखट. तिने बोटाने माझ्या पोटावर टकटक केले आणि म्हणाली, "हिचा आवाज बरा आहे. आता सुनेचा कसा निघतो ते बघू."

सून म्हणजे इनसेंग. एकोणीस वर्षांची, नुकतीच लग्न होऊन आलेली. वेताच्या टोपलीत मला बसवून, दोर खांद्यांवर घेऊन ती पहिल्यांदा तळ्यावर गेली आणि परत येईपर्यंत अर्धे पाणी तिच्या पाठीवर सांडले. सासू दारातच उभी होती.

"पाणी आणायला गेली होतीस की न्हायला?"

"वाट खडबडीत आहे, आई."

"वाट माझ्या लग्नातही तीच होती."

पण सहा महिन्यांत इनसेंगची चाल अशी बसली, की तळ्यावरच्या बायका म्हणू लागल्या, इनसेंगच्या घागरीत पाणी झोपतं. ते ऐकून मला केवढा अभिमान वाटे! सासूने मात्र सुनेची स्तुती कधी केली नाही. गावात त्या सासूला सगळे 'तेक्सुची आई' म्हणत. तेक्सु तिचा एकुलता मुलगा, इनसेंगचा नवरा. गावच्या शाळेत तो मुलांना अक्षरे शिकवी. चौथ्या वर्षी त्यांना मुलगी झाली. तिचे नाव सुनदोक.

त्याच वर्षी देशाचे उत्तर आणि दक्षिण असे दोन तुकडे पडत होते. दक्षिणेचे नवे सरकार आपले, असे काही म्हणत. काही म्हणत, नाही. काही लोक बंदुका घेऊन डोंगरात गेले. त्यांना शोधायला किनाऱ्यावरून शिपाई वर आले. मधल्या गावांवर मात्र दोन्हीकडून मरण ओढवले. एका बाजूचे लोक येऊन धान्य मागत. दुसऱ्या बाजूचे येऊन विचारत, धान्य कुणाला दिले? शिपाई लिहिता-वाचता येणाऱ्या तरुणांना धरून नेऊ लागले. नेलेला परत येत नसे. म्हणून तेक्सुही एके दिवशी गावातल्या काही म्हाताऱ्या आणि लेकुरवाळ्या बायकांबरोबर डोंगरातल्या गुहेत जाऊन लपला. त्याच्याकडे बंदूक नव्हती. खडूही घरीच राहिला होता.

पहिला बर्फ पडला तेव्हा हुकूम आला, वरची सगळी गावे रिकामी करा. हुकूम आणि आग एकाच दिवशी आली. छपरे पेटलेली असताना इनसेंगने मुलीला पोटाशी बांधले आणि मला पाठीवर घेतले. सासूने बियाण्याच्या जवाचे गाठोडे उचलले. मागे वळून न पाहता ती म्हणाली, "चल. बघत राहिलीस म्हणून विझणार नाही."

त्या खाली पोजाकला, समुद्रकाठच्या गावात आल्या. तिथे गावाभोवती दगडी तट बांधायचा होता. पुरुष होतेच कुठे? काही मेलेले, काही पळालेले, काही तुरुंगात. तट बायकांनी बांधला. मी त्यांना पाणी पाजत दगडांपाशीच असे, म्हणून सांगते. काळ्या खरबरीत दगडांनी त्यांच्या हातांची सालटी निघाली. एक बाई तिथेच बाळंत झाली आणि तिसऱ्या दिवशी पुन्हा दगड उचलायला आली. तट पुरा झाल्यावर त्याच बायकांच्या हाती बांबूचे भाले देऊन पहाऱ्याला उभे केले. कुणावर भाला उगारायचा, हे त्यांना विचारण्याची सोय नव्हती. डोंगरातून कुणी आलेच, तर ते त्यांचे नवरे आणि भाऊच असणार होते.

दिवसा थोडा वेळ बाहेर जाऊन रताळी खणायची परवानगी मिळे. इनसेंग मला भरून घेई. वेशीवरचा शिपाई हटकायचा.

"एवढं पाणी कशाला?"

"बाराजणी खणतोय, साहेब. माती खाऊन तहान भागत नाही."

बाराजणी थेंबही पीत नसत. रताळ्यांच्या शेतापासून वर चढून इनसेंग ते पाणी गुहेत नेई. तिथे एकोणीस माणसे होती आणि पाणी म्हणाल तर दगडांतून ठिबकेल तेवढेच. लहान मुले आधी पीत, मग म्हाताऱ्या. तेक्सु सर्वांत शेवटी. प्यायला की विचारी, "आई कशी आहे?"

"आहे तशीच. काल मला म्हणाली, तुझ्या हातचा भात डुकरालाही घालवत नाही."

तेक्सु हसे. त्या अंधारात तेवढेच एक हसणे मी ऐकले.

मित्रांनो, पुढचे सांगायला मला जड जाते. एका सकाळी इनसेंग सुनदोकला पोटाशी बांधून मला झऱ्यावरून भरून आणत होती. तटाशी सगळ्या गावाला उभे केले होते. ज्या घरातला तरुण सापडत नव्हता, त्या घरातल्या माणसाने त्याच्या बदल्यात मरायचे, असा नवा नियम आला होता. शिपाई वहीतून एकेक घर वाचत होता.

"तेक्सुची बायको. पुढे ये."

इनसेंगची पाठ ताठ झाली. ती पुढे निघाली, हे मी शपथेवर सांगते. पण मागे भाला घेऊन पहाऱ्यावर उभ्या असलेल्या शेजारच्या छुनबांग काकूंनी माझ्या टोपलीचा दोर मुठीत पकडला. इनसेंगने पुन्हा ओढ घेतली. काकूंनी दोर मनगटाला गुंडाळला. तोवर सासूच पुढे जाऊन उभी राहिली होती.

"बायकोला हाक मारलीय, म्हातारे."

"तिनं नुसतं लग्न केलंय त्याच्याशी. जन्म मी दिलाय. राग असला तर माझ्यावर काढा."

"नाव काय?"

"तेक्सुची आई."

शिपायाने तेवढेच लिहिले. जाताना ती सुनेजवळून गेली. चेहरा नेहमीसारखाच, चिडका. म्हणाली, "जव भिजत घातलेत. वर झाकण ठेव, कोंबड्या शिरतात." आणि सुनदोकच्या गालाला हात न लावता पुढे गेली. लावला असता तर तिचा पाय निघाला नसता.

तटाखालच्या शेतात त्या दिवशी सातजणींना मारले. बघणाऱ्यांनी टाळ्या वाजवायच्या, असा हुकूम होता. टाळ्या मी ऐकल्या, बायकांच्या सोललेल्या तळहातांच्या. इनसेंगने मुलीला दोन्ही हातांनी धरले होते, म्हणून तिच्याकडून टाळी वाजली नाही. ती इतकी थरथरत होती, की मी निम्मी रिकामी झाले. पाण्याने तिची पाठ भिजली आणि त्या थंडीत कपडा अंगाला चिकटला.

चार दिवसांनी ती गुहेत गेली. तेक्सुने विचारले, "आई कशी आहे?"

"आहे तशीच," इनसेंग म्हणाली. खरे कळले असते तर तो तडक खाली उतरला असता.

वसंतात विमानातून कागद टाकले गेले, खाली या, जीव घेणार नाही. काठीला पांढरा कपडा बांधून गुहेतले सगळे उतरले. वेशीवर छुनबांग काकूच पहाऱ्याला होत्या.

"आई कुठंय?" तेक्सुने विचारले.

"आधी पाणी पी," काकू म्हणाल्या.

इनसेंगने मला तिरके करून वाडगे भरले. तो प्यायला. मग बायकोच्या तोंडाकडे बघत राहिला. त्याने पुन्हा विचारले नाही. आठवड्याने त्याला बोटीत बसवून पलीकडच्या मुख्य भूमीवरच्या तुरुंगात नेले. एक पत्र आले. पुढच्या वर्षी तिकडे मोठे युद्ध पेटले आणि पत्र येणे थांबले, ते कायमचे.

पुढची कितीतरी वर्षे मी इनसेंगच्या पाठीवर पाणी वाहिले. ती समुद्रात बुड्या मारून शिंपले काढी, शेत करी आणि गप्प राही. बंडखोराचे घर, असा शिक्का पडला की मुलांना नोकरीही मिळत नसे. सुनदोकला सांगितले होते, आजी तापाने गेली, बाबा खोकल्याने. शेजारच्या सहा घरांत आजीच्याच दिवशी श्राद्ध कसे, हे सुनदोकने एकदा विचारले. आईने तिला जवळच्या भांड्यांकडे बोट दाखवून म्हटले, "ती घास आधी."

मग नळ आला. मला अंगणात टाकले, कोंबड्या माझ्यावर बसू लागल्या. बादली आपटून काठाचा टवका उडाला. कुणी विचारले नाही, आणि मला राग आला असेही नाही. मी फक्त रिकामी होते.

इनसेंग पंचाहत्तरीची झाली तेव्हा कचेरीतून एक तरुण माणूस आला. त्या काळात मेलेल्यांची नावे दगडावर कोरायची होती. अंगणातल्या चटईवर बसून त्याने अर्ज उघडला. "आमच्या यादीत इथे फक्त 'तेक्सुची आई' आहे, आजी. असंच कोरायचं का?"

सुनदोक म्हणाली, "आजीचं नाव कुणालाच माहीत नाही. आणि ती तर तापाने गेली."

इनसेंग माझ्याकडे बघत होती. की माझ्या पलीकडे, कोण जाणे.

"तापाने नाही," ती म्हणाली. "लिहून घे. हाक मला मारली होती. त्या गेल्या. मी तिथं होते."

मग तिने सगळे सांगितले. दोराचे, टाळ्यांचे, भिजत घातलेल्या जवाचे. सुनदोकच्या हातातली रताळी सोलायची राहिली. तरुणाने लिहिणे थांबवले. पुन्हा सुरू केले.

"नाव?" त्याने हळूच विचारले.

"कांग योंगवल."

"तुला कसं माहीत, आई?"

"तळ्यावर एकदा आम्ही दोघीच होतो. म्हणाल्या, माहेरी मला योंगवल म्हणायचे. चाळीस वर्षं कुणी हाक मारली नाही." इनसेंगने डोळे पुसले नाहीत. "मीही नाही मारली. सासूला नावाने कशी हाक मारणार?"

मित्रांनो, फुटक्या घागरींना जपा, असे मी सांगणार नाही. तुमच्याही घरात एखादी म्हातारी बाई असेल. तुम्ही तिला कुणाची तरी आई, कुणाची तरी आजी म्हणून हाक मारत असाल. एकदा तिच्याजवळ बसा. तिचे नाव विचारा, आणि तिने काय काय वाहिले तेही विचारा. ती गप्प राहिली, तर लगेच उठून जाऊ नका.